साऱ्यांची एक फाईल

मुलांनो, समजा वडिलांनी तुम्हाला एक काम सांगितले आहे. शिरपूरच्या तहसील कचेरीत उद्या सकाळी एक अर्ज द्यायचा आहे आणि तो मराठीत टाईप करून हवा आहे. तुम्ही बाजारातल्या संगणकाच्या दुकानात जाता. दुकानदार टायपिंगच्या प्रोग्रामवर टिचकी मारतो आणि पडद्यावर एक लहान चौकट उघडते. 'एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल' नावाची फाईल सापडत नाही, म्हणून प्रोग्राम सुरू होऊ शकत नाही, असे त्या चौकटीत इंग्रजीत लिहिलेले असते. कालपर्यंत तर तो चालत होता! दुकानदार कपाळाला हात लावतो. तुमचे लक्ष घड्याळाकडे जाते.

ही कोणती फाईल? आणि एका फाईलीसाठी सारा प्रोग्राम का अडावा?

तुमच्या मोहल्ल्यातील लग्न आठवा. बिर्याणीची मोठी देग प्रत्येकाच्या घरी नसते. ती साऱ्या जमातीची असते. ज्याच्या घरी कार्य असेल तो ती नेतो आणि काम झाले की घासून परत ठेवतो. डीएलएल फाईल ही संगणकातील अशीच देग आहे. डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. लायब्ररीला तुम्ही कुतुबखाना म्हणता. पण या कुतुबखान्यात पुस्तके नसतात, तयार सूचना असतात. पडद्यावर चौकट कशी काढायची, प्रिंटरकडे मजकूर कसा पाठवायचा, अशी कामे अनेक प्रोग्रामांना करावी लागतात. प्रत्येकाने त्या सूचना स्वतःजवळ ठेवण्याऐवजी त्या एका सामाईक फाईलीत ठेवतात. प्रोग्राम सुरू झाला की ती फाईल त्याला जोडली जाते.

ही युक्ती जुनी आहे. १९८५ साली विंडोजची पहिली आवृत्ती निघाली. तिला निदान २५६ किलोबाइट स्मृती लागत असे. आज मोबाईलवर काढलेला एक फोटोही याहून कितीतरी मोठा असतो! इतक्या थोड्या जागेत एकाच कामाच्या चार चार प्रती ठेवणे परवडणारे नव्हते. शिवाय सामाईक फाईलीत चूक सापडली, तर ती एकाच ठिकाणी दुरुस्त करता येते.

पण सामाईक वस्तूचे भांडणही सामाईक असते. कोणी मोठी देग नेली आणि त्याच जागी लहान देग आणून ठेवली, तर पुढच्या लग्नात काय होईल? १९९० नंतरच्या काळात अगदी असेच घडत असे. नवा प्रोग्राम बसवताना तो आपल्याबरोबर जुनी डीएलएल आणी आणि चांगल्या फाईलीच्या जागी ती ठेवून देई. नवा प्रोग्राम चाले, पण आधीचे दोन बंद पडत. या त्रासाला इंग्रजीत 'डीएलएल हेल' असे नावच पडले. म्हणजे डीएलएलचे जहन्नम! पुढे विंडोज २००० मध्ये महत्त्वाच्या फाईलींवर पहारा बसवण्यात आला. २००१ साली आलेल्या विंडोज एक्सपीमध्ये एकाच फाईलीच्या वेगवेगळ्या आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवण्याची सोय झाली.

आता दुकानात परत चला. दुकानदाराला वाटते, त्याच नावाची फाईल इंटरनेटवर कुठूनतरी उतरवून घ्यावी. त्याला थांबवा! प्रोग्राम फाईलीचे नाव पाहतो. ती कोणी दिली हे बहुतेक वेळा विचारत नाही. त्या नावाखाली व्हायरसही येऊ शकतो. फाईल खरी असली तरी तिची आवृत्ती वेगळी असू शकते, किंवा ३२ बिटांच्या प्रोग्रामला ६४ बिटांची फाईल मिळू शकते. त्यांचे जुळत नाही. (६४ बिटांच्या विंडोजमध्ये 'सिस्टिम३२' या फोल्डरात ६४ बिटांच्या फाईली असतात. नाव उलटे आहे खरे! पण जुन्या प्रोग्रामांना त्या नावाची सवय झालेली होती, म्हणून ते बदलले नाही.)

मग करायचे काय? आधी चौकटीतील फाईलीचे नाव कागदावर नीट लिहून घ्यावे. अर्धे काम तिथेच होते. आपल्या चौकटीतील फाईल मायक्रोसॉफ्टच्या 'व्हिज्युअल सी प्लस प्लस' या संचातील आहे. तो पूर्ण संच मायक्रोसॉफ्टकडूनच घेऊन बसवला की फाईल आपल्या जागी येते. दुसऱ्या एखाद्या प्रोग्रामची स्वतःची फाईल हरवली असेल, तर तो प्रोग्राम काढून पुन्हा बसवावा. कधी व्हायरस पकडणारा प्रोग्रामच चांगली फाईल संशयावरून बाजूला ठेवतो; तिथेही पाहावे. विंडोजची स्वतःची फाईल बिघडली असेल, तर 'एसएफसी स्कॅननाऊ' नावाचा हुकूम आहे. तो फाईली तपासतो आणि बिघडलेल्या फाईलीच्या जागी जपून ठेवलेली चांगली प्रत ठेवतो.

समजा, संच बसवला आणि प्रोग्राम सुरू झाला. दुकानदार अर्जात 'शिरपूर' हा शब्द टाईप करतो. इथे जरा थांबून पाहा. संगणक आधी 'श' साठवतो आणि मग वेलांटी. पडद्यावर मात्र वेलांटी आधी दिसते. तुमच्या उर्दूचेही तसेच आहे. शीन सुरुवातीला आला की त्याचे रूप वेगळे, शेवटी आला की वेगळे. रे मागच्या अक्षराचा हात धरतो, पुढच्याचा धरत नाही. ही सारी जुळवाजुळव कोण करते?

विंडोज २००० पासून हे काम 'यूएसपी१०.डीएलएल' नावाची एक सामाईक फाईल करू लागली. मराठीची वेलांटी आणि उर्दूचा शीन, दोन्ही तिच्याच हातात! त्याच विंडोजबरोबर 'मंगल' हा देवनागरी फॉन्ट आला. तो मुंबईचे सुलेखनकार र. कृ. जोशी यांनी घडवला होता. एक्सपीच्या काळात अशा लिप्यांची सोय वेगळी चालू करावी लागे आणि त्यासाठी अनेकदा विंडोजची सीडी घालावी लागे. ती चालू केली नाही तर वेलांटी चुकीच्या जागी जाई आणि उर्दू अक्षरेही नीट जुळत नसत. पुष्कळांना वाटे, फॉन्टच खराब आहे. आता विंडोजमधील नवे प्रोग्राम हे काम 'डीराइट' नावाच्या दुसऱ्या सामाईक फाईलीकडून करून घेतात.

तुमच्या घरातील अँड्रॉइड मोबाईलमध्ये हेच काम करणाऱ्या लायब्ररीचे नाव तर तुम्हाला लगेच ओळखता येईल. तिचे नाव आहे 'हर्फबाज'. बेहदाद इस्फहबोद या इराणी वंशाच्या तज्ज्ञाने ती वाढवली. हर्फ म्हणजे अक्षर, हे तुम्हाला सांगायला नको. पण 'बाज' ऐकून कबुतरबाज आठवू नका. इथे त्याचा अर्थ फारसीतला आहे, 'उघडे'. आज मोबाईलवर एक ओळ उर्दूत आणि तिच्याखाली एक ओळ मराठीत लिहून पाहा. दोन्ही ओळींची अक्षरे तीच लायब्ररी जुळवील, एक उजवीकडून आणि दुसरी डावीकडून.