पिपरी मेघे : जनगणनेचे नगर, पंचायतीचे गाव

वर्धा शहर कोठे संपते आणि पिपरी मेघे कोठे सुरू होते, हे नव्या पाहुण्यास सहसा उमगत नाही. सरकारी दप्तरातही त्याची दोन उत्तरे आहेत. 2011 च्या जनगणनेने पिपरीस नगर ठरविले, परंतु नगरपालिका तेथे नव्हती, कारभार ग्रामपंचायतीचाच होता. लोकसंख्या किमान 5,000, दर चौरस किलोमीटरला किमान 400 माणसे, आणि मुख्य काम करणाऱ्या पुरुषांपैकी 75 टक्के शेतीबाहेर, एवढे जुळले की जनगणनेच्या लेखी गावाचे नगर होते. या कसोटीत पुरुषांचाच व्यवसाय पाहतात. ज्या मुलखात निंदण आणि कापसाची वेचणी प्रामुख्याने बायकांच्या हातची, तेथे ही मोजदाद मला तरी लंगडी वाटते.

पूर्वी मध्यप्रांतात गावाची ओळख मालगुजारीवरून होत असे. मालगुजाराने रयतेकडून लगान घ्यावे, बंदोबस्तात ठरलेला सारा सरकारात भरावा, आणि सरपण, चराई, गावठाणातली जागा यांविषयीचे रयतेचे निस्ताराचे हक्क मात्र कागदोपत्री नोंदलेले असावेत, अशी ती व्यवस्था होती. जवळच्याच शेगावची मालगुजारी जमनालाल बजाजांकडे होती. 1936 मध्ये गांधीजी तेथे राहावयास गेले आणि 1940 मध्ये त्या गावाचे नाव सेवाग्राम झाले. 1951 मध्ये मालगुजारी संपली, तेव्हा वर्धा जिल्हा मध्यप्रदेशात होता.

आज शहरालगतच्या अशा गावांत कापूस, तूर, सोयाबीन पिकविणारे वावर अकृषक होऊन त्याचे 'लेआउट' पडतात, आणि सकाळी खुरपे घेऊन निघणाऱ्या बाईच्या शेजारूनच कचेरीस वा दवाखान्यात कामाला जाणाऱ्यांच्या दुचाक्या धावतात. पटवाऱ्याशी काम पडले नाही असे घर तरीही विरळाच. बैलजोड्या उणावल्या, म्हणून पोळ्याचे तोरण पूर्वीसारखे भरत नाही. पण दुसऱ्या दिवशीचा तान्हा पोळा वैदर्भीय मुले सोडावयास तयार नाहीत. लाकडी नंदी सजवून ती दारोदार बोजारा मागतात, आणि परजिल्ह्यातून नुकताच राहावयास आलेला लेआउटमधला गृहस्थ प्रथम गोंधळतो, शेजाऱ्यास विचारतो आणि मग खिशात सुटे पैसे चाचपू लागतो.