अंगणवाडीच्या नेमणुकीवरून कोर्टात जायचं तर...



सकाळी होडी जेटीला लागली की घरची बाई टोपली घेऊन मासळी विकायला निघते. मग तीन-चार वर्षांचं पोर कुठे ठेवायचं? वाड्यावर अंगणवाडी नीट चालत असेल तर तेवढा घोर मिटतो. म्हणूनच सेविकेच्या एका जागेवरून वाड्यावाड्यांत तंटे होतात. 'ती आपल्या वाड्यावरची नाही', 'ओळखीवर लागली', असं बोलणं सुरू होतं आणि कोणीतरी म्हणतं, "कोर्टात जाऊया!" जायचं की नाही ते तुम्ही ठरवा. पण कोर्ट काय बघतं ते आधी समजून घेऊ.

अंगणवाडीची योजना २ ऑक्टोबर १९७५ ला सुरू झाली. सेविका त्याच वस्तीतली असावी आणि तिला मानधन मिळावं, अशी तिची रचना. कर्नाटकातल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये सांगितलं की हे सरकारी नोकरीतलं पद नाही, त्यामुळे प्रशासकीय न्यायाधिकरणात दाद मागता येत नाही. म्हणून आधी खात्याकडे तक्रार आणि नंतर उच्च न्यायालयात रिट याचिका, असा रस्ता उरतो. गोव्यासाठी पर्वरीचं खंडपीठ, कारवारकडच्यांसाठी धारवाडचं. पण म्हणून जागा किरकोळ समजू नका. २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेच सेविका आणि मदतनीस यांना ग्रॅच्युइटीचा कायदा लागू केला.

आता मुख्य गोष्ट. दोघींपैकी चांगली कोण, हे कोर्ट ठरवत नाही. मुलाखतीचे गुण ते नव्याने देत नाही. ते बघतं की निवड नियमाने झाली का. जाहिरातीतली अट सगळ्यांना सारखी लावली का? रहिवासी दाखला मुदतीत दिला होता का? गुणांची बेरीज बरोबर आहे का? निवड चालू असताना मध्येच निकष बदलले का? सरकारी भरतीत, आधी तशी मुभा ठेवलेली नसेल तर, असे निकष बदलता येत नाहीत, हे पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने २०२४ मध्ये पक्कं केलं. अटही वाजवी हवी. लग्न झालं नाही म्हणून सेविकेची जागा नाकारणं राजस्थान उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये बेकायदा ठरवलं.

केस कुठे अडकते तेही सांगतो. अट माहीत असून गुपचूप मुलाखत दिली आणि नाव आलं नाही म्हणून मग हरकत घेतली, तर कोर्ट सहसा ऐकत नाही. उशीर झाला तरी तेच. जिची निवड झाली तिला प्रतिवादी केलं नाही तर याचिका टिकणं कठीण. दाखला खोटा असल्याचा संशय असेल तर आधी तो देणाऱ्या अधिकाऱ्याकडे लेखी तक्रार करा, कारण साक्षीपुरावे तपासत बसणं हे रिटचं काम नाही. आणि जिंकलात तरी बहुतेक वेळा हातात येतो तो फेरविचाराचा आदेश, थेट नेमणूक नव्हे.

म्हणून तयारी आधीच करा. जाहिरातीची प्रत आणि अर्जाची पोच जपून ठेवा. हरकत लेखी द्या, तिचीही पोच घ्या. निकष, आपले गुण आणि निवडयादी माहितीच्या अधिकारात मागा, उत्तराची मुदत ३० दिवस. वकिलाच्या फीची धास्ती घेऊ नका. १९८७ च्या कायद्याप्रमाणे कोणत्याही स्त्रीला, उत्पन्न कितीही असो, विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मागता येतो.

आणि एक विनंती. केस वर्षभर चालेल, पण पोरांची भूक तेवढी थांबत नाही. निकाल लागेपर्यंत शेजारच्या सेविकेकडे चार्ज द्या, अंगणवाडी बंद ठेवू नका, असा अर्ज खात्याला दोन्ही बाजूंनी मिळून द्यावा. भांडणाऱ्या दोघीही आपल्याच घरच्या आहेत. कोणाला कागद समजत नसतील तर ते घेऊन संस्थेच्या कार्यालयात या, बसून वाचू.