मंगल कार्यालय रिकामे असेल तेव्हा

बंगळुरूच्या मल्लेश्वरम भागात कॅनरा युनियन या संस्थेचे सभागृह आहे. १९६०च्या दशकात परिसरातील मुलांचे बॅडमिंटनचे मैदान म्हणजे हेच सभागृह. अडचण एकच होती; तेथे लग्नकार्येही होत असत. जवळच राहणारा एक शाळकरी मुलगा आज तेथे कार्य आहे का, याचा रोज अंदाज घेई. नसेल, तर शाळा सुटताच तो धावत तेथे पोहोचे आणि मनसोक्त खेळे.

हा मुलगा म्हणजे प्रकाश पदुकोण. १९६२ साली आपल्या पहिल्याच अधिकृत स्पर्धेत, राज्य कनिष्ठ स्पर्धेत, तो पहिल्या फेरीत पराभूत झाला. दोन वर्षांनी तेच विजेतेपद त्याने मिळविले. पुढे १९७१ ते १९७९ अशी सलग नऊ वर्षे राष्ट्रीय अजिंक्यपद त्यांच्याकडे राहिले. मार्च १९८० मध्ये लंडनच्या वेम्बली येथे, आधीची दोन्ही वर्षे जिंकलेल्या लिएम स्वी किंगला १५-३, १५-१० असे नमवून ऑल इंग्लंड स्पर्धा जिंकणारे ते पहिले भारतीय ठरले.

या कथेत परिश्रम आहेतच. पण मला मोलाचे वाटते ते सभागृहाचे वेळापत्रक. उद्या जागा मिळेलच, याची शाश्वती नव्हती. म्हणून आज मिळालेला तास पूर्णपणे खेळाचाच असे.

आपली स्थिती नेमकी उलट आहे. वेळ हाताशी असतो, परंतु त्यात सतत कोणीतरी डोकावत असते. भ्रमणध्वनी किणकिणतो, आपण क्षणभर पाहतो आणि पुन्हा कामाकडे वळतो. मन मात्र लगेच वळत नाही. एक काम अर्धवट सोडून दुसरे हाती घेतले, तर लक्षाचा काही अंश पहिल्यातच रेंगाळतो, असे सोफी लेरॉय या संशोधिकेने २००९ साली दाखवून दिले.

बँकेच्या व्यवहारात या रेंगाळण्याची किंमत रुपयांत मोजावी लागते. फोन कानाला लावून खाते क्रमांक लिहिताना एक अंक चुकला, तर कष्टाचा पैसा परक्या खात्यात जाऊ शकतो. एप्रिल २०२५ पासून एनईएफटी व आरटीजीएसने रक्कम पाठविण्यापूर्वी लाभार्थीचे नाव पडताळण्याची सोय झाली आहे. पण ते नाव वाचायला आपले लक्ष जागेवर हवे. फसवणूक करणाऱ्यालाही आपले विचलित मनच हवे असते. तो घाई करतो, भीती घालतो आणि त्या गोंधळात ओटीपी मागतो. अशा वेळी फोन ठेवावा, शांत व्हावे. फसगत झालीच, तर विनाविलंब १९३० या क्रमांकावर व आपल्या शाखेत कळवावे.

काउंटरच्या दोन्ही बाजूंना पाळता येतील असे साधे नियम आहेत. पैशाचा व्यवहार करताना दुसरे संभाषण नको. अनावश्यक सूचनांचे आवाज बंद ठेवावेत. दिवसातील एक तास निश्चित करून त्या तासापुरता फोन दुसऱ्या खोलीत ठेवावा. मग तो तास हिशेबाचा असो, वाचनाचा असो वा घरच्यांशी गप्पांचा. आवर्ती ठेवीप्रमाणे हा तास लहान असला तरी चालेल, हप्ता मात्र चुकता कामा नये.

मल्लेश्वरममधील त्या मुलाला सभागृह रिकामे होण्याची वाट पाहावी लागे. आपले सभागृह आपल्यालाच रिकामे करावयाचे आहे.