एका टिंबाचे भांडण

मंडळी, पाटीवर दोन शब्द लिहून बघा. पहिला शब्द 'संस्थापकाचा'. दुसरा शब्द 'संस्थापकांचा'. फरक दिसला का? दुसऱ्या शब्दात 'का'च्या डोक्यावर एक टिंब आहे. टिंब नसले तर संस्थापक एकच. टिंब दिले की संस्थापक पुष्कळ झाले. जुन्या मराठी पुस्तकांत टिंबांचा नुसता पाऊस असे. पुढे नियम झाले आणि त्यांतली बरीच टिंबे गेली. हे टिंब मात्र राहिले, कारण ते काढले तर अर्थच बदलतो.

आफ्रिका खंडाच्या पश्चिम किनाऱ्यावर घाना नावाचा देश आहे. तिथला राज्यकारभार इंग्रजीत चालतो. आपल्या टिंबाचे हे काम इंग्रजीत एक वर टांगलेले बारीक चिन्ह करते. ते एका अक्षराच्या अलीकडे टाकले तर संस्थापक एक, पलीकडे टाकले तर अनेक. या चिन्हावरून घानात कित्येक वर्षे वाद चालला. राष्ट्राच्या संस्थापकाचा दिवस पाळायचा की संस्थापकांचा? सुट्टी कोणत्या तारखेला द्यायची? वरवर पाहता हा पोरखेळ वाटेल. पण त्या चिन्हामागे एक माणूस उभा आहे, आणि त्याने तुरुंगात घातलेली माणसेही उभी आहेत. त्या माणसाचे नाव क्वामे एन्क्रुमा.

इंग्रजांच्या राज्यात या देशाला गोल्ड कोस्ट, म्हणजे सोन्याचा किनारा म्हणत. तिथे सोने निघे. पुढे सोन्यापेक्षाही मोठे धन झाले कोको. कोको म्हणजे ज्याच्या बियांपासून चॉकलेट करतात ते झाड. झाडे लावायची काळ्या शेतकऱ्याने आणि चॉकलेट खायचे गोऱ्यांच्या देशातल्या पोरांनी, असा तो व्यापार होता. एक काळ असा होता की जगात सर्वांत जास्त कोको याच देशात पिके.

एन्क्रुमा १९०९ साली एन्क्रोफुल या खेड्यात जन्मले. वडील सोनार, आई किरकोळ माल विकणारी. शिकून ते शिक्षक झाले, म्हणजे आमच्याच पेशातले. १९३५ साली ते अमेरिकेला गेले आणि दहा वर्षे राहिले. पैसा नव्हता. साबणाच्या कारखान्यात राबले, मासे विकले, बोटीवर हलकी कामे केली आणि पदव्या मिळवल्या. मग लंडनला आले.

इकडे मायदेशी काही वकील आणि व्यापारी मंडळींनी ४ ऑगस्ट १९४७ रोजी एक राजकीय संस्था काढली होती. ही तारीख लक्षात ठेवा, पुढे लागेल. डॉ. डँक्वा हे त्यांचे मोठे पुढारी. विद्वान माणूस, नामांकित वकील. संस्थेला पूर्ण वेळ काम करणारा चिटणीस पाहिजे होता. आको अजेई नावाच्या तरुण वकिलाने एन्क्रुमांचे नाव सुचवले. बोलावणे गेले आणि त्याच वर्षाच्या शेवटी एन्क्रुमा परत आले.

पुढच्या वर्षी, २८ फेब्रुवारी १९४८ रोजी, अक्रा या राजधानीच्या शहरात लढाईवरून परतलेले शिपाई गव्हर्नराकडे अर्ज घेऊन निघाले. ही माणसे इंग्रजांच्या बाजूने ब्रह्मदेशात लढली होती. आपले मराठा पलटणीचे जवानही त्या मोहिमेत होते. घरी आल्यावर ना नोकरी, ना नीट पेन्शन. एवढेच त्यांचे गाऱ्हाणे. पोलिसांनी गोळी घातली. तिघे मेले. शहर पेटले. सरकारने सहा पुढाऱ्यांना धरले. त्यात डँक्वा होते, अजेई होते आणि एन्क्रुमाही होते. तिघांनी एकाच वेळी कैद भोगली.

सुटल्यावर मात्र वाटा फुटल्या. वकील मंडळी म्हणत, स्वराज्य शक्य तितक्या लवकर मिळावे. एन्क्रुमा म्हणाले, आत्ताच पाहिजे! जून १९४९ मध्ये त्यांनी आपला वेगळा पक्ष काढला. त्यात बाजारात बसणाऱ्या बाया आल्या, मोटारी हाकणारे आले, अर्धी शाळा सोडलेली पोरे आली. जानेवारी १९५० मध्ये त्यांनी संप आणि बहिष्कार पुकारला. गांधीजींच्या लढ्यातून हा धडा घेतल्याचे त्यांनी स्वतःच लिहून ठेवले आहे. सरकारने त्यांना पुन्हा तुरुंगात टाकले.

फेब्रुवारी १९५१ मध्ये निवडणूक आली. एन्क्रुमा तुरुंगातूनच उभे राहिले. २३,१२२ मतांपैकी त्यांना २२,७८० पडली! गव्हर्नराने काय करावे? तुरुंगाचे दार उघडले आणि कैद्यालाच सरकार चालवायला बोलावले. तुरुंगात जाऊन आलेले कार्यकर्ते त्या दिवसांत डोक्यावर टोपी घालून मिरवत. टोपीवर इंग्रजीत दोन अक्षरे असत, त्यांचा अर्थ तुरुंगाचा पदवीधर.

कारभार हाती येताच १९५२ पासून प्राथमिक शाळांची फी बंद झाली. शाळा भरून वाहू लागल्या, शिकवायला मास्तर मिळेनात. मोठ्या माणसांनी आपापल्या भाषेत लिहावे-वाचावे म्हणूनही मोहीम निघाली. तुमच्यासारखीच शेतकरी, मजूर, बाजारकरी माणसे पाटी घेऊन बसली.

आता पैशाचे बघू. कोको कोणी परस्पर परदेशी विकू शकत नसे. सरकारी मंडळ तो ठरलेल्या भावाने घेई आणि जगाच्या बाजारात विके. मधला फरक मंडळाच्या तिजोरीत. भाव पडला तर शेतकऱ्याला सांभाळायला हा साठा, असे सांगत. १९५४ साली जगात कोकोचा भाव फार चढला. सरकारने मात्र शेतकऱ्याचा भाव ६० पौंडांच्या, म्हणजे सुमारे २७ किलोंच्या, ओझ्याला ७२ शिलिंग असा बांधून टाकला. उरलेल्या पैशांतून देश उभारायचा, असे सरकारचे म्हणणे. शेतकरी म्हणाला, घाम आमचा आणि बंगले तुमच्या माणसांचे! अशांती हा कोकोचा मुलूख. तिथे सरकारविरुद्ध नवा पक्ष उठला, मारामाऱ्या झाल्या, घरे जळली. स्वातंत्र्य यायच्या आधीच देशात अशी फूट पडली होती.

६ मार्च १९५७ रोजी स्वातंत्र्य आले. इंग्रजांच्या ताब्यातून सुटलेला आफ्रिकेच्या त्या भागातला हा पहिला काळ्या लोकांचा देश. झेंड्याच्या मध्यावर काळा तारा. देशाला घाना हे नवे नाव मिळाले. एका फार जुन्या आफ्रिकी राज्याचे ते नाव, आणि ते पुढे आणण्यात मोठा वाटा होता डॉ. डँक्वा यांचा.

दुसऱ्याच वर्षी नवी नाणी निघाली. त्यांवर एन्क्रुमांचा मुखवटा होता आणि भोवती लॅटिन या जुन्या भाषेत अक्षरे होती. अर्थ असा की, घाना राष्ट्राचा संस्थापक. एकच संस्थापक, टिंब नाही! भांडणाची पहिली ठिणगी इथे आहे, असे मला वाटते.

त्याच १९५८ साली एक कायदा झाला. ज्याच्यापासून राज्याला धोका आहे असे सरकारला वाटेल, त्याला खटल्याशिवाय पाच वर्षांपर्यंत डांबून ठेवता येई. नीट वाचा. 'सरकारला वाटेल' त्याला. आरोप शाबीत करायला नको, न्यायाधीशापुढे उभे करायला नको. असा कायदा करताना प्रत्येक सरकार सांगते की तो फक्त वाईट माणसांसाठी आहे. आधी विरोधी पक्षाचे लोक आत गेले. मग १९६१ साली रेल्वे कामगारांनी संप केला, तेव्हा कामगार पुढारी आत गेले.

एन्क्रुमांची भीती अगदीच खोटी नव्हती, हेही सांगितले पाहिजे. ऑगस्ट १९६२ मध्ये त्यांच्यावर बॉम्ब टाकला गेला आणि ते जखमी झाले. या कटात सामील म्हणून धरले कोणाला? ज्यांनी त्यांचे नाव चिटणीसपदासाठी सुचवले होते, त्या आको अजेईंना! तेव्हा ते मंत्री होते. डिसेंबर १९६३ मध्ये न्यायालयाने त्यांना निर्दोष ठरवले. एन्क्रुमांनी सरन्यायाधीशालाच घरी बसवले आणि खटला पुन्हा चालवला. अजेईंना फाशीची शिक्षा झाली. पुढे ती कैदेवर आली. जानेवारी १९६४ मध्ये देशात एकच पक्ष असावा का, यावर मतदान घेतले. शंभरात नव्याण्णवांहून अधिक मते 'हो' म्हणून पडल्याचे जाहीर झाले. निवडणूक पाहिलेल्या माणसाला या आकड्याबद्दल अधिक सांगायला नको.

त्याच महिन्यात डॉ. डँक्वा यांना दुसऱ्यांदा पकडले. १९६० साली राष्ट्राध्यक्षपदासाठी ते एन्क्रुमांविरुद्ध उभे राहून हरले होते. वय सत्तरीला टेकलेले. एन्साव्हामच्या तुरुंगात वर्षभर कोंडून ठेवले, खटला नाहीच. ४ फेब्रुवारी १९६५ रोजी ते तिथेच वारले. ज्याने देशाचे नाव पुढे आणले, तो त्या देशाच्या तुरुंगात मेला. एन्क्रुमांची बाजू घेणारे पुष्कळ गोष्टींना उत्तर देतात, या गोष्टीपाशी त्यांचाही आवाज खाली येतो.

आणि तरी या माणसाने जे बांधले ते आजही उभे आहे. टेमा येथे बंदर बांधले, बंदराशेजारी शहर वसवले. व्होल्टा नदीवर अकोसोंबोचे प्रचंड धरण घातले. त्याच्या मागे साडेआठ हजार चौरस किलोमीटरचा जलाशय पसरला. घानातले दिवे पुष्कळ वर्षे मुख्यतः त्याच पाण्याच्या विजेवर जळले. धरणापायी सुमारे ८०,००० माणसांना गाव सोडावे लागले. त्यांच्यासाठी ५२ नव्या वसाहती केल्या, पण नव्या जागी पोटापुरती जमीन मिळाली नाही ही तक्रार राहिली. विजेचा मोठा वाटा एका अमेरिकी कंपनीच्या ॲल्युमिनियमच्या कारखान्याला स्वस्त दरात गेला. धरण झाले, पण वीज कोणाच्या कामी आली, हा प्रश्न घानातले लोक अजून विचारतात.

बाहेरच्या देशांत तर एन्क्रुमांचा डंका वाजत होता. साऱ्या आफ्रिकेने एक व्हावे, हे त्यांचे स्वप्न. १९६३ साली आफ्रिकी देशांची जी संघटना झाली, तिच्या मागे त्यांचा फार जोर होता. घरात मात्र पैसा संपत आला. स्वातंत्र्याच्या वेळी गाठीशी सुमारे २० कोटी पौंड होते. कारखाने काढले, इमारती बांधल्या, लाचही माजली. कोकोचे पीक दुपटीवर गेले, पण १९६५ साली जगात भाव कोसळला. भाव पडेल तेव्हासाठी म्हणून राखलेला साठा खर्च होऊन गेला होता. दुकानांपुढे रांगा लागल्या, जिनसा मिळेनात.

२२ जानेवारी १९६६ रोजी एन्क्रुमांनी अकोसोंबोच्या विजेचे उद्घाटन केले. त्यानंतर महिनाभराने ते व्हिएतनामची लढाई थांबवावी म्हणून तिकडे निघाले. वाटेत चीनच्या राजधानीत असताना, २४ फेब्रुवारीला, घानाच्या लष्कराने आणि पोलिसांनी सत्ता घेतली. कोटोका हे या बंडाचे एक पुढारी. अमेरिकेला कटाची कुणकुण होती, असे पुढे खुल्या झालेल्या त्यांच्याच कागदपत्रांवरून दिसते. त्यांचा हात त्यात किती होता, यावर अजून वाद आहे. पण अक्राच्या रस्त्यांवर लोक नाचले, हे खरे. तुरुंगांतून शेकडो माणसे बाहेर आली, त्यांत अजेईही होते. संसदेपुढे एन्क्रुमांचा पुतळा होता. लोकांनी तो पाडला, मोडला, पोरे त्यावर चढून बसली.

एन्क्रुमा पुन्हा मायदेशी जिवंत आले नाहीत. गिनी देशाने त्यांना आसरा दिला, मानाने सह-राष्ट्राध्यक्ष म्हटले. २७ एप्रिल १९७२ रोजी रुमानियात आजाराने ते वारले. पुढे त्यांना जन्मगावी पुरले. १९९२ साली अक्रामध्ये, ज्या मैदानावर त्यांनी स्वातंत्र्य जाहीर केले होते तिथेच, मोठे स्मारक करून त्यांना तिथे आणले. इकडे अक्राच्या विमानतळाला कोटोकांचे नाव दिले होते आणि ते कितीतरी वर्षे चालले. पाडणाऱ्याच्या नावाच्या विमानतळावर उतरायचे आणि पाडलेल्याच्या समाधीला फुले वाहायची, असा प्रकार!

आता पुन्हा टिंबाकडे येऊ. २००७ साली नव्या नोटा निघाल्या. बहुतेक नोटांवर १९४८ साली धरलेल्या सहाही पुढाऱ्यांची चित्रे होती. नाण्यावर एक होता, नोटेवर सहा झाले. २००९ साली एन्क्रुमांच्या पक्षाचे सरकार होते असे नव्हे, पण त्यांना मानणारे राष्ट्राध्यक्ष होते. त्यांनी २१ सप्टेंबर हा एन्क्रुमांचा जन्मदिवस संस्थापकाचा दिवस ठरवला. पुढे आकुफो-अडो राष्ट्राध्यक्ष झाले. ते डँक्वांच्या नात्यातले, आणि त्यांचे वडील त्या सहांपैकी एक. २०१९ साली त्यांच्या सरकारने कायदा बदलला. ४ ऑगस्ट हा संस्थापकांचा दिवस झाला. वकील मंडळींनी संस्था काढली ती हीच तारीख, मघाशी लक्षात ठेवायला सांगितलेली. २१ सप्टेंबरला नुसता एन्क्रुमांचा स्मृतिदिन उरला. मग सरकार बदलले आणि २०२५ साली ४ ऑगस्टची सुट्टी गेली, संस्थापक दिन परत २१ सप्टेंबरला आला.

मला विचाराल तर १९५१ ची ती बावीस हजार सातशे ऐंशी मते देणारी माणसे कोणत्याच तारखेत बसत नाहीत. कोकोवाला शेतकरी बसत नाही, गाव बुडालेली माणसे बसत नाहीत, ब्रह्मदेशातून परतून गोळी खाणारे ते तीन शिपाईही नाहीत.

अक्राच्या त्या स्मारकाच्या बागेत एन्क्रुमांचा नवा पुतळा आहे, हात पुढे केलेला. तिथून थोड्या अंतरावर तो जुना पाडलेला पुतळाही उभा केला आहे. त्याला डोके नाही, हात तुटलेले आहेत. गडबडीत डोके कोणी तरी उचलून नेले होते आणि जपून ठेवले होते. बऱ्याच वर्षांनी ते परत आले. पण ते धडाला जोडले नाही. शेजारी वेगळ्या चौथऱ्यावर ठेवले आहे.