'भाकड' : एका विशेषणाची अर्थकक्षा

मराठीतील विशेषणांचा एक मोठा गट पशुजीवनातून आलेला आहे. शेती आणि पशुपालन यांवर उभ्या असलेल्या समाजाच्या भाषेत हे स्वाभाविकच आहे. या गटाचे स्थूलमानाने तीन वर्ग पाडता येतात. पहिल्या वर्गातील विशेषणे प्राण्याच्या नावावरून सिद्ध झालेली आहेत. 'शेळपट', 'अडेलतट्टू' ही त्याची उदाहरणे. दुसऱ्या वर्गातील विशेषणे प्राण्याच्या वर्तनावरून आली आहेत. 'मारका', 'बुजरा', 'नाठाळ' हे शब्द जनावराविषयी जितक्या सहजपणे वापरले जातात तितक्याच सहजपणे माणसाविषयीही वापरले जातात. तिसरा वर्ग मात्र वेगळा आहे. 'दुभता' आणि 'भाकड' ही विशेषणे प्राणी कोण आहे किंवा कसा वागतो हे सांगत नाहीत; तो आपल्या मालकाला काय देतो, हे सांगतात. मारका बैल कोणाच्याही दावणीला बांधला तरी मारकाच असतो. रानातल्या हरिणीला मात्र कोणी 'भाकड' म्हणत नाही. 'भाकड' या शब्दामागे नेहमी दोहणारा हात आणि हिशेब करणारे मन गृहीत असते.

प्रस्तुत लेखात या एका विशेषणाच्या अर्थाचा आणि उपयोजनाचा विचार केला आहे. हे विशेषण मुळात काळवाचक आहे, ते प्रचारात मूल्यवाचक झाले, आणि या स्थित्यंतराचे परिणाम केवळ कोशापुरते मर्यादित राहिले नाहीत, असे त्यातून दिसून येते.

गोठ्यातील अर्थ

जालना जिल्ह्याच्या अंबड तालुक्यातील अंकुशनगर ही समर्थ सहकारी साखर कारखान्याची वसाहत. गोदावरीच्या खोऱ्यातील या परिसरात ऊस, बैल आणि दुभती जनावरे यांचा संबंध निकटचा आहे. गळीत हंगामात उसाचे वाढे वैरण म्हणून गोठ्यात येतात. हंगाम सरला की कडब्यावर आणि विकतच्या पेंडीवर भिस्त ठेवावी लागते. अशा कोणत्याही गावच्या बोलीत जनावराच्या अवस्थेसाठी नेमके शब्द असतात. पहिल्यांदा विणारी ती 'पहिलारू'. पोटात वासरू असलेली ती 'गाभण'. अवेळी गर्भ टाकणारी ती 'गाभडलेली'. दूध देते आहे ती 'दुभती'. दूध आटले ती 'भाकड'. कधीच गाभण न राहणारी ती 'वांझ'. बाजारात जनावराचे वय बहुधा वर्षांत सांगत नाहीत. 'दुसऱ्या वेताची', 'तिसऱ्या वेताची' असे वेतांत सांगतात.

या शब्दमालिकेत 'भाकड' आणि 'वांझ' हे दोन स्वतंत्र शब्द आहेत, ही बाब महत्त्वाची आहे. वांझपण ही स्थिती आहे, तर भाकडपण हा टप्पा आहे. गाय साधारणपणे नऊ महिने नऊ दिवसांनी आणि म्हैस सुमारे दहा महिन्यांनी विते. विण्यापूर्वी सुमारे साठ दिवस तिचे दूध आटवावे, असे पशुसंवर्धनशास्त्र सांगते. या काळात कासेतील दूध तयार करणाऱ्या पेशींची झीज भरून निघते, पोटातील वासराची वाढ होते आणि पुढील वेताच्या दुधाची तयारी होते. या अवधीला पशुसंवर्धनाच्या मराठी पुस्तिकांतून 'भाकड काळ' असेच नाव दिलेले असते. म्हणजे गोठ्यातील भाकड गाय पुष्कळदा गाभणही असते. ती आज काही देत नाही, कारण ती उद्यासाठी काही राखून ठेवीत असते.

याच परिसरात यंत्राच्या विश्रांतीला कोणते नाव आहे, हे पाहण्यासारखे आहे. साखर कारखाना वर्षातील कित्येक महिने गाळप करीत नाही. त्या काळाला 'बिगर हंगाम' किंवा सरळ 'ऑफ सीझन' म्हणतात. त्या अवधीत यंत्रे उघडली जातात, त्यांची दुरुस्ती होते, झिजलेले भाग बदलले जातात. त्यावेळी कारखान्याला कोणी 'भाकड' म्हणत नाही. जमिनीलाही अशी सवलत भाषेने दिलेली आहे. कस भरून यावा म्हणून शेत एखादे वर्ष 'पड' ठेवतात, आणि 'पड ठेवणे' या प्रयोगात कर्ता शेतकरी असतो. दोष जमिनीकडे जात नाही. 'गाय भाकड झाली' या वाक्यात मात्र कर्ता गाय आहे. विश्रांतीची तीच घटना, परंतु वाक्यरचनेमुळे तिचे उत्तरदायित्व जनावरावर येते.

शब्दाचे पूर्वरूप

गायीच्या अवस्थांचे असे सूक्ष्म वर्गीकरण ही फार जुनी परंपरा आहे. पाणिनीच्या अष्टाध्यायीतील एका समाससूत्रात (२.१.६५) गृष्टि, धेनु, वशा, वेहत् आणि बष्कयणी हे शब्द एका रांगेत येतात. अनुक्रमे एकदा व्यालेली, नुकतीच व्यालेली, वांझ, गर्भ टाकणारी आणि व्याल्याला बराच काळ लोटलेली गाय, असे त्यांचे अर्थ आहेत. अमरकोशातही 'बष्कयणी' या शब्दाचा अर्थ दीर्घकाळापूर्वी प्रसूत झालेली गाय असाच दिलेला आहे. हिंदीतील 'बाखड़ी' हा शब्द याच कुळातील असून मराठी 'भाकड' शब्दाचे नाते त्याच्याशी जोडता येते. 'ष्क' या जोडाक्षराचा प्राकृतात 'क्ख' होणे आणि पुढे त्यातील महाप्राणत्व शब्दाच्या आद्याक्षराकडे सरकणे, ही प्रक्रिया मानली तर 'बाखड' आणि 'भाकड' या रूपांतील अंतर उलगडते.

ही व्युत्पत्ती स्वीकारली तर अर्थाचा प्रवासही पायरीपायरीने दाखविता येतो. 'बष्कयणी' गाय अद्याप दूध देत असते. तिचे वासरू तेवढे मोठे झालेले असते. व्याल्याला काळ लोटला म्हणून दूध कमी होते, कमी होता होता आटते, आणि आटले म्हणून ती 'भाकड' ठरते. प्रारंभी शब्दाचा रोख विण्याच्या घटनेपासून गेलेल्या काळावर होता. नंतर तो दुधाच्या अभावावर आला. शेवटी तो उपयोगाच्या अभावावर स्थिरावला. काळ, अभाव आणि निरुपयोग अशा या तीन पायऱ्या आहेत.

व्याकरण आणि अर्थविस्तार

व्याकरणदृष्ट्या 'भाकड' हे अविकारी विशेषण आहे. 'काळा, काळी, काळे' याप्रमाणे ते लिंगवचनानुसार बदलत नाही. 'भाकड गाय', 'भाकड गायी', 'भाकड जनावर' या सर्व प्रयोगांत त्याचे रूप एकच राहते. ही बाब अर्थविस्ताराला अनुकूल ठरली असावी. 'दुभता' या शब्दाला 'दुभती' असे रूप घ्यावे लागते आणि त्यामुळे तो मादीशी बांधलेला राहतो. 'भाकड' शब्दावर असे बंधन नाही. म्हणूनच 'भाकड बैल' हा प्रयोग शक्य झाला. बैल कधीच दूध देत नसतो, तेव्हा त्याचे दूध आटण्याचा प्रश्नच उद्भवत नाही. येथे 'भाकड' म्हणजे औताला वा गाडीला चालेनासा झालेला. वृत्तपत्रांतून आणि शासकीय भाषेतून येणाऱ्या 'भाकड जनावरे' या प्रयोगात आटलेली गाय, वयोवृद्ध म्हैस आणि थकलेला बैल असे सर्व एकत्र येतात. त्यांच्यात शारीरिक साम्य काही नाही. खर्चाच्या रकान्यात ती आहेत आणि जमेच्या रकान्यात नाहीत, एवढेच साम्य आहे.

यापुढची पायरी अमूर्ताकडे जाते. ज्या दिवसांत सण नाही, लग्नकार्य नाही, ते 'भाकड दिवस'. ज्या बोलण्यातून काही निष्पन्न होत नाही ती 'भाकड चर्चा'. उलट बाजूने 'दुभती गाय' ही लक्षणा लाभाच्या पदाला किंवा संस्थेला लावली जाते आणि 'दुभत्या गायीच्या लाथा गोड' ही म्हण त्या लाभापोटी सोसाव्या लागणाऱ्या अपमानाची जाणीवही देते. भाकड गायीच्या वाट्याला मात्र अशी म्हण आलेली नाही. तिच्या लाथा कोणी सोसत नाही.

माणसाकडे वळलेला शब्द

मराठीने जनावर आणि माणूस यांच्या प्रजननविषयक शब्दांत एक सीमारेषा कटाक्षाने पाळलेली आहे. गाय गाभण असते, स्त्री गरोदर असते. म्हैस विते, स्त्री बाळंत होते. जनावराला कास असते. स्त्रीच्या बाबतीत तो शब्द उच्चारणे हा असभ्यपणा ठरतो. 'वांझ' हा शब्द मात्र दोन्हीकडे चालतो, आणि स्त्रीला तो किती जिव्हारी लागतो हे वेगळे सांगावयास नको.

'भाकड' हा शब्द माणसाला लावला जातो तेव्हा ही सीमारेषा हेतुपुरस्सर ओलांडली जाते. मुले होण्याचे वय उलटलेल्या स्त्रीला किंवा कमाई थांबलेल्या वृद्धाला 'भाकड' म्हणणाऱ्याला जनावराची आठवण करून द्यावयाचीच असते. 'शेळपट' म्हणताना एखाद्याच्या भित्रेपणावर आघात होतो. त्यात सुधारणेला वाव असतो. 'भाकड' म्हणताना त्याच्या पोसले जाण्याच्या अधिकारावरच आघात होतो. या शिवीत 'तुला खाऊ घालणे परवडत नाही' हे वाक्य दडलेले आहे. एका कुटुंबात वृद्ध माणसाविषयी हा शब्द उच्चारला गेला, तर त्याने दिलेली सर्व वर्षे एका शब्दाने पुसली जातात. गोठ्यातील अर्थात मागच्या वेताची आठवण आणि पुढच्या वेताची अपेक्षा असते. शिवीतून नेमके हे दोन्ही काळ गळून पडतात आणि केवळ वर्तमानातील अभाव शिल्लक राहतो.

'भाकडकथा'

या विशेषणापासून झालेला सर्वांत रूढ समास म्हणजे 'भाकडकथा'. मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशाची दुसरी आवृत्ती १८५७ साली प्रसिद्ध झाली. त्या कोशात जनावराविषयीचा अर्थ आणि हा समास दोन्ही आढळतात. ज्या कथेतून अर्थाचे वा बोधाचे दूध निघत नाही ती भाकडकथा. पुढे पुराणकथांची बुद्धिवादी चिकित्सा करणाऱ्या लेखनाला हा शब्द विशेष उपयोगी पडला. 'असत्य' या शब्दाने जे साधत नव्हते ते 'भाकडकथा' या शब्दाने साधले, कारण त्यात असत्यतेबरोबर निष्फळतेचाही आरोप होता.

परंतु कथेचे भाकडपणही टप्प्याचेच असते, हे विसाव्या शतकातील अभ्यासाने दाखवून दिले. दुर्गा भागवत यांनी लोककथांकडे समाजमनाचे साधन म्हणून पाहिले. दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी १९६२ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या इंग्रजी ग्रंथात दैवतकथा, ग्रामदेवता आणि मराठी मुलखातील जुन्या पायवाटा यांच्या आधारे प्राचीन समाजाचा शोध घेतला. श्रद्धेच्या दृष्टीने वा बोधाच्या दृष्टीने जी कथा आटली होती, तीच इतिहासाच्या आणि लोकसाहित्याच्या अभ्यासकासाठी दुभती ठरली. कथा बदलली नव्हती. दोहणारा बदलला होता.

न्यायालयातील अर्थ

'भाकड' म्हणजे नेमके काय, हा प्रश्न देशाच्या सर्वोच्च न्यायालयापुढेही वेगळ्या शब्दांत आला. राज्यघटनेच्या अनुच्छेद ४८ मध्ये गायी-वासरांबरोबर दुभत्या आणि जुंपणीच्या जनावरांचा उल्लेख आहे. १९५८ साली मोहंमद हनीफ कुरेशी खटल्यात न्यायालयाने गायी व वासरे यांच्या कत्तलीवरील संपूर्ण बंदी वैध मानली. परंतु म्हैस, वळू आणि बैल दूध, पैदास वा जुंपणी यांस निरुपयोगी झाल्यावरही त्यांच्या कत्तलीवर बंदी घालणे अवाजवी ठरविले. महाराष्ट्राच्या १९७६ च्या पशुसंरक्षण कायद्यातही गायीखेरीज इतर जनावरांसाठी अनुपयुक्ततेच्या दाखल्याची तरतूद होती. पुढे २००५ साली मिर्झापूर मोती कुरेशी खटल्यात सात न्यायाधीशांच्या पीठाने बहुमताने वेगळी भूमिका घेतली. जनावर दूध देईनासे वा काम करीनासे झाले तरी त्याचे शेण व मूत्र उपयोगी असते, म्हणून ते निरुपयोगी म्हणता येणार नाही, असा त्या निर्णयाचा एक आधार होता. महाराष्ट्रात १९९५ साली संमत झालेल्या दुरुस्तीला २०१५ साली राष्ट्रपतींची संमती मिळाली आणि वळू व बैल यांच्या कत्तलीवरही बंदी आली.

या निर्णयांच्या इष्टानिष्टतेविषयी समाजात तीव्र मतभेद आहेत आणि त्यांचा निवाडा हा भाषाभ्यासाचा विषय नव्हे. भाषाभ्यासाच्या दृष्टीने महत्त्वाचे एवढेच, की सुमारे अर्धशतकाच्या अंतराने दोन निर्णय एकाच विशेषणाच्या व्याप्तीवर भिन्न उत्तरे देतात. १९५८ चे उत्तर दूध, पैदास आणि जुंपण यांपाशी थांबते. २००५ चे उत्तर शेणापर्यंत जाते. शेतकऱ्याला ही दोन्ही उत्तरे ठाऊक होती. शेणखताचे मोल तो जाणतो; पण २०१२-१३ सारख्या दुष्काळात कडब्याचा भाव चढतो तेव्हा शेणाच्या मोलावर जनावर पोसता येत नाही, हेही तो जाणतो. गावोगाव हिंडणारा हेडी अशा वेळी किंमत पाडून मागतो, आणि त्या घासाघिशीत त्याच्या हाती असलेला सर्वांत प्रभावी शब्द 'भाकड' हाच असतो. गाभण राहू शकणाऱ्या गायीलाही तो हेच विशेषण लावतो, कारण विशेषण मान्य झाले की भाव आपोआप ठरतो.

समारोप

वरील विवेचनावरून असे म्हणता येईल, की 'भाकड' हे विशेषण प्रत्येक उपयोजनात दोन प्रश्नांची उत्तरे गृहीत धरते : कोणासाठी, आणि केव्हापर्यंत? गोठ्यात ही उत्तरे ठरलेली असतात. दोहणाऱ्यासाठी, आणि पुढच्या वेतापर्यंत. शब्द गोठ्याबाहेर पडला की दुसरे उत्तर प्रथम हरवते आणि टप्प्याचे रूपांतर स्थायी लक्षणात होते. मग पहिले उत्तरही हरवते आणि मालकाचा हिशेब हा वस्तूचा गुणधर्म भासू लागतो.

म्हणून कोशात या शब्दाची नोंद करताना 'दूध न देणारी; निरुपयोगी' असे दोन अर्थ अर्धविरामाने जोडणे अपुरे आहे. त्या अर्धविरामाच्या जागी बराच मोठा प्रवास झालेला आहे. 'दोन वेतांमधील, दूध आटलेल्या अवस्थेतील' हा अर्थ प्रथम, स्वतंत्रपणे आणि कालमर्यादेसह नोंदला गेला पाहिजे. 'निरुपयोगी' हा लाक्षणिक अर्थ म्हणून नंतर यावा. ज्यांनी हा शब्द घडविला त्यांच्या गोठ्यात भाकड गायीपुढेही वैरण टाकली जात होती. शब्दाच्या अर्थात ती वैरण शिल्लक राहणे आवश्यक आहे.