पायांवरून पडलेलं नाव

पदवीच्या वर्गात उतरवून घेतलेली वर्गीकरणाची एक वही अजून माझ्या कपाटात आहे. सस्तन प्राण्यांच्या पानावर ‘कीटकभक्षी गण’ असं ठळक लिहिलेलं आणि त्याखाली चिचुंद्री, हेजहॉग, मोल यांच्या रांगेत अगदी शेवटी ‘हत्ती-चिचुंद्री, आफ्रिका’. पुढे शिकवायला लागल्यावर त्याच पानावर मी दुरुस्त्या करत राहिलो. कधी गण बदलला, कधी शेजारी बदलले, शेवटी ‘कीटकभक्षी गण’ हे शीर्षकच खोडावं लागलं. या खाडाखोडीत एका नावाला मात्र हात लावायची वेळ आली नाही : मॅक्रोसेलिडिया. त्या नावामागच्या सव्वादोनशे वर्षांच्या वाटचालीचा हा मागोवा.

आधी त्या प्राण्याबद्दल. उंदराएवढ्या किंवा घुशीएवढ्या अंगाचा, मोठ्या डोळ्यांचा, सतत सावध. तोंडापुढे लांब, लवचिक नाक. ते इकडेतिकडे वळवत तो पाचोळ्यातल्या मुंग्या, वाळवी, भुंगेरे हुडकतो. मागचे पाय पुढच्यांपेक्षा चांगलेच लांब, त्यामुळे धोका जाणवला की क्षणात उसळी मारून नाहीसा होतो. राहतो फक्त आफ्रिकेत. नामिबियातल्या रखरखीत माळापासून टांझानियातल्या ओल्या डोंगररानापर्यंत आणि पार उत्तरेला मोरोक्को-अल्जीरियापर्यंत त्याच्या मिळून सुमारे २० जाती आहेत. बहुतेक जातींत नर-मादीची जोडी एका प्रदेशात टिकून राहते. पिल्लं जन्मतःच डोळे उघडलेली, अंगावर केस असलेली असतात आणि लवकरच धावू लागतात.

युरोपच्या ग्रंथांत हा प्राणी आला तो १८०० साली. ब्रिटिश म्युझियममधले जॉर्ज शॉ यांनी त्याला ‘सोरेक्स प्रोबॉसिडियस’ म्हटलं. सोरेक्स म्हणजे चिचुंद्री आणि प्रोबॉसिडियस म्हणजे सोंडवाला. सोंडेची चिचुंद्री! लांब नाक, छोटं अंग, किडे खाणं, एवढ्या खुणांवरून शॉ यांनी ओळखीचं नातं जोडलं. त्यांच्या काळात दुसरं काही करणं अवघडच होतं. पण त्या दोन शब्दांतला पहिला शब्द पुढे दीडशेहून अधिक वर्षं या प्राण्याच्या मानेवर बसून राहिला.

दुसरं नाव दक्षिण आफ्रिकेतून आलं. अँड्र्यू स्मिथ हे स्कॉटिश लष्करी शल्यवैद्य केपमध्ये होते. १८२५ साली केपटाउनमध्ये दक्षिण आफ्रिकन म्युझियम सुरू झालं, त्याचे ते पहिले प्रमुख. हा प्राणी त्यांनी त्याच्या मुलखात पाहिला, त्याला चिचुंद्र्यांपासून वेगळं काढलं आणि १८२९ साली नवा वंश मांडला : मॅक्रोसेलिडिस. ग्रीक भाषेत माक्रोस म्हणजे लांब आणि स्केलोस म्हणजे तंगडी. लांब तंगड्यांचा, इतकाच त्याचा अर्थ. ग्रीक उच्चाराच्या जवळ जायचं तर ‘मॅक्रोस्केलिडिस’ म्हणायला हवं, पण लॅटिन आणि इंग्रजीच्या वळणानं ‘क’ गळाला आणि तेच रूढ झालं.

स्मिथ यांनी जातीलाही स्वतःचं नाव दिलं होतं. पण नामकरणाच्या नियमात जातीच्या जुन्या नावाचा मान पहिला. त्यामुळे आजचं पूर्ण नाव झालं मॅक्रोसेलिडिस प्रोबॉसिडियस. त्यातले पाय स्मिथ यांचे आणि सोंड शॉ यांची. शॉ यांची चिचुंद्री तेवढी गळाली. मला हे जोडनाव फार आवडतं. प्राणी समोर ठेवून दोन माणसांनी दोन टोकांकडून त्याच्याकडे पाहावं आणि दोघांनाही जे खरोखर दिसलं तेवढंच नावात उरावं, असं क्वचित घडतं.

त्यानंतर नावं वाढत गेली. १८३८ मध्ये शार्ल ल्युसियँ बोनापार्त यांनी मॅक्रोसेलिडिडी हे कुल केलं. विल्हेल्म पेटर्स हे जर्मन प्राणिशास्त्रज्ञ १८४० च्या दशकात मोझांबिकमध्ये काही वर्षं हिंडले आणि त्यांनी आणखी दोन वंश आणले. एक पेट्रोड्रोमस, म्हणजे खडकांवरून धावणारा, आणि दुसरा ऱ्हिंकोसायन, म्हणजे लांब तोंडाचा कुत्रा. पेट्रोड्रोमस मुख्यतः दाट झाडोऱ्यात आणि रानात राहतो, खडकाशी त्याचा संबंध बेताचाच. आणि ऱ्हिंकोसायन कुत्र्याचा कुणीच लागत नाही. १९०६ मध्ये ओल्डफील्ड थॉमस आणि हॅरल्ड श्वान यांनी आणखी एक वंश वेगळा काढून त्याला एलेफँट्युलस म्हटलं. शेवटचा ‘-युलस’ हा लॅटिनमधला लाडाचा प्रत्यय आहे. मराठीत सांगायचं तर ‘हत्तुकला’. तेव्हा हे नाव फक्त नाकावरून आलं होतं, हत्तीशी रक्ताचं नातं कुणाच्या मनातही नव्हतं.

खरा गुंता नात्याच्या प्रश्नात होता. हे कोणाचे कोण? १८६६ मध्ये एर्न्स्ट हेकेल यांनी कीटकभक्ष्यांचे दोन भाग केले, आणि त्यासाठी खूण घेतली ती पोटातली. लहान आणि मोठं आतडं जिथे मिळतं तिथे काही प्राण्यांना एक बंद पिशवी असते, आपण तिला अंधनाल म्हणतो. ग्रीक ‘तिफ्लोस’ म्हणजेही आंधळं. ज्यांना ही पिशवी आहे ते मेनोटिफ्ला, ज्यांना नाही ते लिपोटिफ्ला. चिचुंद्री, हेजहॉग, मोल यांना अंधनाल नाही. आपल्या सोंडवाल्यांना आहे, आणि झाडांवर हिंडणाऱ्या, खारीसारख्या दिसणाऱ्या ट्री श्र्यूंनाही आहे. म्हणून या दोघांची एका घरात रवानगी झाली. त्यातल्या ट्री श्र्यूंची एक जात भारताच्या द्वीपकल्पात, सातपुड्यातही आढळते. अनाथाना इलियोटी हे तिचं शास्त्रीय नाव. म्हणजे कागदोपत्री बराच काळ आपल्या सातपुड्यातला हा प्राणी आणि केपच्या माळावरचा सोंडवाला चुलतभाऊ होते. ते नातंही पुढे मोडलं. ट्री श्र्यू आज माणसा-माकडांच्या आणि उंदीर-सशांच्या बाजूला धरतात. पण हेकेल यांचं अर्धं निरीक्षण महत्त्वाचं ठरलं : हा प्राणी चिचुंद्र्यांसोबत शोभत नाही, हे पोटाच्या पुराव्यानिशी लिहिलं गेलं.

१९५६ मध्ये लंडनच्या रॉयल हॉलोवे महाविद्यालयातले पर्सी बटलर यांनी कीटकभक्ष्यांच्या कवट्यांचा अभ्यास मांडला आणि या प्राण्यांचा स्वतंत्र गण मानला. गणाचं नाव मॅक्रोसेलिडिया. इथे वापराची एक बारीक गोष्ट सांगायला हवी, कारण विद्यार्थी यात हमखास अडखळतात. मॅक्रोसेलिडिस हा वंश, मॅक्रोसेलिडिडी हे कुल आणि मॅक्रोसेलिडिया हा गण. वंशात आज मोजक्याच जाती उरल्या आहेत, तर गणात हयात असलेले सगळे सोंडवाले आणि त्यांचे लोपलेले पूर्वजही येतात. शेवटच्या अक्षरात एवढा फरक आहे. घुशीएवढ्या ऱ्हिंकोसायनला मॅक्रोसेलिडिया म्हणणं बरोबर, मॅक्रोसेलिडिस म्हणणं चूक.

याच काळातली एका जीवाश्माची हकिगत मला दरवेळी थांबवते. १९१४ मध्ये चार्ल्स अँड्र्यूज यांनी व्हिक्टोरिया सरोवराजवळच्या करुंगू इथल्या काही जबड्यांचं वर्णन केलं. दात उंच, गवत चावणाऱ्यासारखे. त्यांनी त्याला हायरॅक्सच्या घरात घातलं आणि नाव ठेवलं मायोहायरॅक्स, म्हणजे उंदीर-हायरॅक्स. हायरॅक्स हा हत्तींचा खराखुरा नातेवाईक, दिसायला सशा-घुशीसारखा. जवळजवळ ५० वर्षं मायोहायरॅक्स तिथेच होता. १९६५ मध्ये हार्वर्डचे ब्रायन पॅटरसन यांनी या कुलाच्या जीवाश्मांवर मोठा निबंध लिहिला आणि दाखवलं की हा हायरॅक्स नाही, लांब तंगड्यांच्याच घरातला आहे. दुरुस्ती अगदी योग्य होती. पण ३०-३५ वर्षांनी कळलं की ज्या घरातून त्याला बाहेर काढलं आणि ज्या घरात आणलं, ती दोन्ही घरं एकाच वाड्यातली आहेत.

मध्ये १९७५ साली माल्कम मॅकेना यांनी सांगाड्यांच्या आधारे यांना सशांच्या जवळ नेलं. माझ्या वहीतही एका समासात ‘ससा?’ असं लिहिलेलं सापडतं. हे मत बरीच वर्षं टिकलं, कारण दात आणि हाडं पाहता ते पटण्यासारखंच होतं.

मग पुरावा बदलला. १९९० च्या दशकात डोळ्याच्या भिंगातल्या प्रथिनांचे आणि मागोमाग जनुकांचे क्रम वाचून नाती लावली जाऊ लागली. १९९७ मध्ये मार्क स्प्रिंगर आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा निबंध ‘नेचर’मध्ये आला. हत्ती, समुद्रगाय, हायरॅक्स, आर्डवार्क, गोल्डन मोल आणि हे सोंडवाले यांचा पूर्वज एकच, आणि तो आफ्रिकेतला, असं त्यातून पुढे आलं. १९९८ मध्ये मायकल स्टॅनहोप आणि सहकाऱ्यांनी या घराण्याला ॲफ्रोथेरिया, म्हणजे आफ्रिकेची श्वापदं, हे नाव दिलं. मादागास्करचे टेनरेकही त्यातलेच निघाले. कीटकभक्षी गण त्या दिवसांत फुटला तो कायमचा. आपल्या घराच्या मोरीत शिरणारी चिचुंद्री आज वटवाघूळ, कुत्रा, घोडा, देवमासा यांच्या शाखेत बसते. सोंडवाला हत्तीच्या शाखेत.

पेपरांत तेव्हा आणि नंतरही छापून आलं की हा इवलासा प्राणी ‘हत्तीचा सर्वांत जवळचा नातलग’ आहे. ते बरोबर नाही. हत्तीला जवळचे म्हणजे समुद्रगाय आणि हायरॅक्स. सोंडवाल्याला जवळचे टेनरेक, गोल्डन मोल आणि आर्डवार्क. हत्ती या घराण्यातला थोडा लांबचा. तरीही तिलारीच्या खोऱ्यात उतरलेला हत्ती आणि कच्छच्या आखातातली समुद्रगाय हे दोघे आपल्या चिचुंद्रीपेक्षा या आफ्रिकन प्राण्याच्या कितीतरी जवळचे आहेत, एवढं मात्र खरं.

याच सुमारास बोलीतल्या नावाचाही प्रश्न ऐरणीवर आला. इंग्रजीतलं ‘एलिफंट श्र्यू’ ऐकणाऱ्याला वाटतं, ही चिचुंद्रीचीच एक तऱ्हा. पूर्व आफ्रिकेत वाढलेले प्राणितज्ज्ञ आणि चित्रकार जोनाथन किंग्डन यांनी १९९७ च्या आपल्या मार्गदर्शक ग्रंथात बांटू भाषांमधून घेतलेला ‘सेंगी’ हा शब्द सुचवला. गेलन राथबन यांनी तो उचलून धरला. राथबन १९७० च्या दशकात केनियात हे प्राणी दिवसचे दिवस पाहत बसले होते. आपल्या ये-जा करण्याच्या बारीक वाटांवरचा पालापाचोळा हा प्राणी स्वतः कसा झाडून काढतो, जोडी एकत्र राहूनही एकमेकांपासून कशी अंतर राखते, हे जगाला मुख्यतः त्यांच्यामुळे कळलं. ज्यानं आयुष्य या प्राण्यावर घालवलं त्याला ‘श्र्यू’ हा शब्द खुपावा, यात नवल नाही. आज अभ्यासकांच्या लिखाणात सेंगीच जास्त दिसतो.

इतर भाषांनी काय केलं तेही पाहण्यासारखं आहे. फ्रेंचांनी शास्त्रीय नावच थोडं घासून ‘माक्रोसेलिद’ म्हणून वापरात घेतलं, शिवाय ‘सोंडेचा उंदीर’ असंही ते म्हणतात. जर्मन भाषेतला शब्द आहे ‘ऱ्युसेलश्प्रिंगर’, म्हणजे सोंडवाला उड्या मारणारा. माझ्या मते सगळ्या बोलींतलं हे सर्वांत नेमकं नाव आहे. नाकही आलं, पायही आले, आणि कुणाशी खोटं नातं लावलेलं नाही.

नव्या शतकात नावांची पेटी पुन्हा उघडली. टांझानियातल्या उडझुंग्वा डोंगरात फ्रांचेस्को रोव्हेरो यांच्या कॅमेऱ्यासमोरून २००५ मध्ये करड्या तोंडाचा, सुमारे ७०० ग्रॅम वजनाचा सेंगी गेला. २००८ मध्ये तो ऱ्हिंकोसायन उडझुंग्वेन्सिस म्हणून नोंदला गेला. २०१४ मध्ये नामिबियाच्या वायव्येकडच्या वाळवंटी पठारावरून मॅक्रोसेलिडिस मायकस आला, वजन जेमतेम २८ ग्रॅम. २०१६ मध्ये उत्तर आफ्रिकेतल्या सेंगीला एलेफँट्युलसमधून काढून पेट्रोसॅल्टेटर, म्हणजे खडकांवरून उड्या मारणारा, हा नवा वंश दिला, कारण जनुकांवरून तो पेट्रोड्रोमसच्या जवळ निघाला.

सगळ्यांत अलीकडची नोंद जिबूतीची आहे. सोमाली सेंगी १८८१ पासून शास्त्राला ठाऊक होता, पण जवळजवळ ५० वर्षांत त्याची नवी नोंद कुठल्याच शास्त्रीय कागदात नव्हती. ‘हरवलेल्या’ जातींच्या यादीत त्याचं नाव गेलं. २०१९ मध्ये ड्यूक विद्यापीठाचे स्टीव्हन हेरिटेज आणि जिबूतीचे हुसेन रयाले यांचं पथक निघालं. राथबनही त्या कामात होते, पण त्याच वर्षी ते वारले. पथकानं १२ ठिकाणी १,२५९ सापळे लावले आणि त्यात शेंगदाण्याचं लोणी, ओट आणि यीस्टचा अर्क ठेवला. अगदी पहिल्याच सापळ्यात सोमाली सेंगी बसलेला होता. जनुकं तपासल्यावर तोही एलेफँट्युलस नाही असं ठरलं आणि २०२० मध्ये गॅलेगीस्का हा नवा वंश झाला. सोमाली भाषेत ‘गीस्का’ म्हणजे शिंग, आफ्रिकेच्या शिंगाला तिथले लोक याच शब्दानं ओळखतात. या गणातल्या वंशाच्या नावात ग्रीक-लॅटिन सोडून आफ्रिकेतल्या भाषेचा शब्द आला, याचा मला मनापासून आनंद झाला. हत्तुकल्यांचा वंश असा दोनदा आक्रसला. गणाचं नाव होतं तसंच राहिलं.

मराठीत मी आता ‘सेंगी’ लिहितो आणि पहिल्यांदा येतो तिथे शेजारी ‘लांब तंगड्यांचा, सोंडेसारख्या नाकाचा आफ्रिकन प्राणी’ असं लिहितो. गणाचं नाव द्यायचं असेल तर मॅक्रोसेलिडिया. ‘हत्ती-चिचुंद्री’ हा शब्द वहीतल्या पानावर पेन्सिलीनं खोडलेला आहे, पण खालची अक्षरं वाचता येतात. ती मी मुद्दाम पुसली नाहीत. वर्गात मुलांना ते पान दाखवून सोमाली सेंगीची हकिगत सांगितली की पहिला प्रश्न बहुतेक वेळा हाच येतो : मग जिबूतीच्या लोकांना तो हरवलाय असं वाटत होतं का? नव्हतं. पथकानं छायाचित्रं दाखवली, तेव्हा तिथल्या रहिवाशांनी त्याला लगेच ओळखलं होतं.