पोपटांच्या विवरात दोरावरून

सह्याद्रीत रॅपलिंग करणाऱ्यांनो, मेक्सिकोतलं 'सिमा दे लास कोतोर्रास' यादीत टाका! चियापास राज्यातलं हे विवर सुमारे १६० मीटर रुंद, १४० मीटर खोल. आपला बेसॉल्ट असा विरघळत नाही. तिथे चुनखडी आहे. पाण्याने ती आतून पोखरली, छत कोसळलं आणि तळाशी चक्क जंगल उगवलं.

तुश्तला गुतिएर्रेस शहरातून गाइडसोबत एका दिवसात जाऊन येता येतं. पण निघा पहाटेच. मार्च ते ऑक्टोबर इथे हिरव्या पोपटांचे थवे मुक्कामाला असतात. उजाडलं की ते एकदम सरळ वर येत नाहीत, भिंतीलगत गिरक्या घेत चढतात. कलकलाट असा की शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही! दोरावर लटकण्याआधी हे बघून घ्याच.

उतरताना कड्यावर लाल रंगातली प्राचीन चित्रं दिसतात, हाताचे ठसेसुद्धा. हात लावायचा मोह आवरा. हार्नेस, डिसेंडरची सवय असली तरी गाइडचंच ऐकायचं. आणि दम राखून ठेवा, परत वर यायचंय!